खताच्या चाळणीतले त्रिकोण

आमच्या सोसायटीच्या मागच्या अंगाला ओल्या कचऱ्याचे खत करण्यासाठी विटांचे दोन हौद बांधलेले आहेत. २०२३ च्या फेब्रुवारीत त्यांपैकी एक हौद तळापर्यंत रिकामा केला, तेव्हा खत चाळण्याच्या कामाला मी आणि आमचे माळीकाका असे दोघेच होतो. चाळणीवर फांद्यांचे तुकडे, आंब्याच्या कोयी, नारळाच्या शेंड्या राहणार हे गृहीत होते. त्यांच्याबरोबर नखाएवढे, पांढरे, काही निळसर छपाई असलेले त्रिकोणी तुकडे राहू लागले. ते काय आहेत हे पहिल्या पाच-सहा तुकड्यांपर्यंत माझ्या लक्षात आले नाही. मग एकावर अर्धवट अक्षर दिसले आणि उलगडा झाला. ते दुधाच्या पिशव्यांचे कापलेले कोपरे होते. आम्ही सकाळी पिशवीचा कोपरा कात्रीने उडवतो, दूध पातेल्यात ओततो, पिशवी सुक्या कचऱ्यात टाकतो. ओट्यावर पडलेला कोपरा मात्र भाजीच्या देठांबरोबर आणि चहाच्या चोथ्याबरोबर ओल्या कचऱ्यात जातो. त्या दिवशी मी असे ३७ कोपरे मोजले. हौदात कोयी मऊ झाल्या होत्या, अंड्यांच्या टरफलांचा भुगा झाला होता, आणि हे कोपरे मात्र कालच कापल्यासारखे होते.

मी एकतीस वर्षे माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवले. पॉलिथिलीनच्या, म्हणजे अशा पिशव्यांच्या प्लॅस्टिकच्या, रेणूंची लांब साखळी जिवाणूंना सहज तोडता येत नाही, हे वाक्य मी फळ्यावर किती वेळा लिहिले असेल याची गणती नाही. पण ते वाक्य माझ्या स्वतःच्या ओट्यावरून निघून हौदाच्या तळाशी जाऊन बसले आहे, हे मला निवृत्तीनंतर कळले. आमच्या घरात कॅरीबॅग येत नाही, भाजीला कापडी पिशवी नेण्याची सवय माझ्या आईपासूनची आहे, आणि म्हणून प्लॅस्टिकच्या बाबतीत आपले घर बऱ्यापैकी स्वच्छ आहे अशी माझी समजूत होती. ती समजूत तपासून पाहावी असे मला वाटले. मार्च महिनाभर घरात येणारी प्लॅस्टिकची एकही वस्तू बाहेर टाकायची नाही, धुऊन, वाळवून साठवायची, वहीत नोंद करायची आणि महिन्याच्या शेवटी सगळे समोर मांडून पाहायचे असे ठरले. मार्च निवडण्याचे कारण साधे होते: उन्हात वस्तू लवकर वाळतात.

घरात आम्ही पाच माणसे आहोत. आम्ही दोघे, मुलगा, सून आणि सहा वर्षांची नात. सुनेची पहिली शंका रास्त होती. ती म्हणाली, "आई, नोकरीवरून आल्यावर मी तेलाची पिशवी धूत बसू का?" तिला मी सांगितले की धुण्याचे काम माझे, तिने फक्त वस्तू सिंकजवळच्या टोपल्यात ठेवायची. पहिल्या आठवड्यातच या कामाचे खरे स्वरूप कळले. दुधाची पिशवी दोन वेळा पाण्याने विसळली की भागते, पण शेंगदाणा तेलाची पिशवी आडवी फाडून, आतून कणीक किंवा बेसन चोळून, मग साबण लावून धुवावी लागते. तुपाच्या पिशवीला गरम पाणी लागते. यासाठी ताजे पाणी वापरणे मनाला पटेना, म्हणून तांदूळ-डाळ धुतलेले पाणी बादलीत साठवू लागले आणि पहिली धुणी त्या पाण्यात होऊ लागली. गॅलरीतल्या दोरीवर कपड्यांच्या चिमट्यांना टांगलेल्या पिशव्या पाहून शेजारच्या वहिनींनी दोन दिवस काही विचारले नाही, तिसऱ्या दिवशी विचारले, आणि आठवडाभराने आपल्याकडच्याही दुधाच्या पिशव्या तशाच टांगल्या.

प्लॅस्टिक नेमके कशाला म्हणायचे, हा प्रश्न मला या महिन्याच्या आधी कधी पडला नव्हता. वहीचे पहिले पान मी पिशव्या, बाटल्या, डबे, वेष्टने अशा रकान्यांनी आखले होते. तिसऱ्याच दिवशी औषधांच्या गोळ्यांची पाकिटे हातात आली, ज्यांची एक बाजू बहुधा पीव्हीसी या प्लॅस्टिकची आणि दुसरी ॲल्युमिनियमच्या वर्खाची असते. मुलाने कचेरीतून आणलेला चहाचा कागदी पेला मी कागद म्हणून बाजूला ठेवला होता. तो रात्रभर पाण्यात भिजत घातला, तर सकाळी कागदाचा लगदा सुटून आतले पारदर्शक अस्तर अखंड हातात आले. सफरचंदावरचे चिकट लेबल, पावाच्या पिशवीची चिमटी, संपलेली रिफिल, भांडी घासायचा हिरवा चौकोन, दातांचा ब्रश, खोक्यांवरची चिकटपट्टी या सगळ्यांसाठी 'किरकोळ' नावाचा नवा रकाना करावा लागला, आणि महिन्याच्या शेवटी त्या रकान्यात ११३ नोंदी झाल्या. सॅनिटरी पॅड साठवणे शक्य नव्हते, त्यांची फक्त संख्या लिहिली. त्यांचे वरचे आवरण, खालचा थर आणि आतील शोषक भुकटी यांत प्लॅस्टिकच मोठ्या प्रमाणात असते, हे आमच्या पिढीतल्या किती बायकांना ठाऊक असेल कोण जाणे. वापरलेले पॅड कागदात गुंडाळून त्या पुडीवर घरातल्यांनी लाल ठिपका काढावा आणि ती वेगळी द्यावी, असा आग्रह पुण्यात कचरावेचक महिलांनी धरला, तो मी त्या महिन्यापासून पाळू लागले. त्याआधी ऐकला होता, पाळला नव्हता, हेही येथे लिहिले पाहिजे.

३१ मार्चच्या संध्याकाळी दिवाणखान्यात जुनी वर्तमानपत्रे अंथरली आणि महिन्याचा साठा ओतला. नातीला हा खेळ वाटला आणि तिने तीन तास न कंटाळता मदत केली. बाटल्यांच्या आणि डब्यांच्या तळाशी बाणांच्या त्रिकोणात एक ते सात यांपैकी आकडा असतो. ही पद्धत १९८८ मध्ये अमेरिकेतल्या प्लॅस्टिक उद्योगाच्या संघटनेने सुरू केली. बाणांचा त्रिकोण पाहून वस्तूचा पुनर्वापर होणारच असे आपण समजतो, पण तो आकडा फक्त प्लॅस्टिकची जात सांगतो, त्या वस्तूचे पुढे काय होणार याचे आश्वासन देत नाही. मऊ पिशव्यांवर तर बहुतेक वेळा आकडाही नसतो किंवा शिवणीत दडलेला असतो. तेथे शाळेतली युक्ती कामाला आली. बादलीभर पाण्यात साबणाचा एक थेंब टाकून प्रत्येक जातीचा छोटा तुकडा बुडवून सोडला. पॉलिथिलीन आणि पॉलिप्रॉपिलीन पाण्याहून हलके असल्याने वर आले. पाण्याच्या बाटलीचे 'पेट' जातीचे प्लॅस्टिक, गोळ्यांच्या पाकिटाचे पीव्हीसी आणि दह्याच्या ठिसूळ पेल्याचे पॉलिस्टायरीन तळाशी गेले. वेफरच्या पाकिटाचा तुकडा तरंगला आणि शाम्पूच्या पुडीचा बुडाला, तेव्हा नात म्हणाली, "आजी, दोन्ही चमकतात, मग असं का?" त्या प्रश्नाचे पूर्ण उत्तर मला पंधरा दिवसांनी एका पत्र्याच्या शेडमध्ये मिळाले.

स्वयंपाकघरातल्या काट्यावर सगळे मिळून २ किलो ६१० ग्रॅम भरले आणि वस्तूंची संख्या ५८७ झाली. रोज अर्ध्या लिटरच्या दोन याप्रमाणे दुधाच्या पिशव्या ६२, वजन सुमारे १९० ग्रॅम. हॉटेलातून मागवलेल्या जेवणाचे डबे फक्त २१, पण वजन ४२० ग्रॅम. शाम्पू, फिनेल, भांड्यांचा साबण यांच्या जाड बाटल्या नऊच, वजन ३९० ग्रॅम. या सगळ्यांना मागे टाकणारी संख्या बिस्किटे, वेफर, चॉकलेट, नूडल्स, मसाला, कॉफी आणि शाम्पूच्या पुड्या यांच्या चकचकीत वेष्टनांची होती: २३१ नग, आणि वजन अवघे ४१० ग्रॅम. घरात कॅरीबॅग येत नाही या माझ्या विश्वासाचा निकालही येथेच लागला. फळे, फुले, औषधे आणि देवळातला प्रसाद यांच्याबरोबर २६ पातळ पिशव्या घरात आल्या होत्या, आणि त्यांतल्या निदान दहा मी स्वतःच्या हाताने घेतल्या होत्या.

त्या रात्री मी आणखी एक गोष्ट केली. महाराष्ट्राची प्लॅस्टिकबंदी २३ मार्च २०१८ च्या अधिसूचनेने जाहीर झाली आणि त्या वर्षीच्या २३ जूनपासून दंडाची अंमलबजावणी सुरू झाली. त्यानंतर केंद्र सरकारची एकदा वापरून फेकण्याच्या वस्तूंवरील बंदी १ जुलै २०२२ पासून देशभर लागू झाली. त्या यादीत कानकोरणीच्या प्लॅस्टिक काड्या, फुग्यांच्या आणि आइस्क्रीमच्या काड्या, चमचे, पेले, ताटल्या, स्ट्रॉ, सजावटीचे थर्माकोल, मिठाईच्या खोक्याभोवतीचे पातळ वेष्टन अशा वस्तू आहेत. ही यादी समोर ठेवून मी आमचा ढीग पुन्हा चाळला. यादीत बसणाऱ्या वस्तू नऊ निघाल्या. बंदी असलेल्या २६ पातळ पिशव्या त्यांत मिळवल्या तर ३५. उरलेल्या ५५२ वस्तू त्या यादीच्या आणि पिशव्यांच्या बंदीच्या बाहेर होत्या. बंदी निरुपयोगी आहे असे मी मुळीच म्हणणार नाही. २६ जुलै २००५ ला मुंबईत सांताक्रूझ येथे एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, तेव्हा तुंबलेल्या गटारांतून निघालेल्या पिशव्यांचे ढीग ज्यांनी पाहिले आहेत त्यांना पातळ पिशवीवर बंदी का हवी हे सांगावे लागत नाही. पण कायद्याने जी वस्तू हेरली ती आमच्या घरातल्या प्लॅस्टिकचा एक छोटा कोपरा होती.

साठा पोत्यांत भरून ठेवला आणि आमच्या इमारतीत कचरा घ्यायला येणाऱ्या ताईंना थांबवून दाखवला. पुण्यात १९९३ मध्ये कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही कचरावेचकांची संघटना उभी राहिली. तिच्यातून पुढे 'स्वच्छ' ही कचरावेचकांचीच सहकारी संस्था निघाली आणि २००८ मध्ये महानगरपालिकेशी करार करून तिने दारोदार कचरा गोळा करण्याचे काम हाती घेतले. त्या व्यवस्थेमुळे आमच्या भागात कचरा उचलणाऱ्या बाईंचा चेहरा आम्हाला ओळखीचा आहे, ही मोठी गोष्ट आहे. ताईंनी पहिले पोते उघडले, हात घातला आणि म्हणाल्या, "काकू, धुतलेलं आहे, हाताला कळतं." मग त्यांनी जमिनीवर बसून दहा-बारा मिनिटांत तो अडीच किलोंचा ढीग अशा वेगाने वेगळा केला की माझ्या तीन तासांच्या बादलीतल्या प्रयोगाची मला नवी किंमत कळली. त्या आकडा पाहत नव्हत्या. पिशवी मुठीत चुरगाळून कानाजवळ नेत होत्या. कुरकुरीत आवाज आला की ती पीपी, म्हणजे पॉलिप्रॉपिलीन; आवाज न करता मुठीत मऊ दबली की ती एलडी, म्हणजे मऊ पॉलिथिलीन. शाम्पूच्या पोकळ बाटल्या त्यांनी 'फुगा' म्हणून एका बाजूला टाकल्या. ठिसूळ, वाकवला तर तुटणारा माल 'कडक'. पाण्याच्या बाटलीचे झाकण वेगळे, बाटली वेगळी, भोवतीचे लेबल आणखी वेगळे. दुधाच्या पिशव्यांची चवड त्यांनी स्वतःच्या पिशवीत जपून ठेवली. शेवटी २३१ वेष्टनांचा चमकता ढीग उरला. त्याकडे हात करून त्या म्हणाल्या, "हा माल नाही. ह्याचा कचराच."

पंधरा दिवसांनी त्यांच्याबरोबर मी वर्गीकरणाची शेड पाहायला गेले. नाल्याच्या कडेला पत्र्याचे छप्पर, खाली फरशी, आणि भिंतीला टेकवलेली माणसाच्या उंचीची पोती. एप्रिलची दुपार होती. छपराखाली उकाडा आणि आंबट वास असा होता की पहिली काही मिनिटे मी तोंडावर पदर धरूनच उभी राहिले. तो वास कशाचा म्हणून विचारले तेव्हा एका मावशींनी न धुता आलेल्या दुधाच्या, ताकाच्या आणि श्रीखंडाच्या डब्यांचे पोते दाखवले. आपल्या घरातून निघताना ज्याला वास नसतो, त्याला दोन दिवसांत असा वास येतो, आणि तो घेत आठ-आठ तास बसणाऱ्या बायका आपण कधी पाहत नाही. आठ जणी गोणपाटावर बसून काम करत होत्या. काहींच्या हातात मोजे होते, काहींनी ते काढून ठेवले होते, कारण मोज्यातून पिशवीची जात बोटांना कळत नाही. एकीच्या तळहातावर तुटलेल्या सुईची जखम होती. सुई कोणत्या घरातून आली हे कोणालाच सांगता आले नसते.

मालाचा प्रवास तेथे उभे राहून समजून घेतला. पेट बाटल्या दाबून त्यांचे गठ्ठे होतात, मोठ्या व्यापाऱ्याकडे जातात, तेथून दळून धुतल्या जातात आणि त्यांचा मोठा भाग धाग्याच्या रूपाने कापडात किंवा उशांच्या भरणात जातो. बाटलीपासून पुन्हा बाटली होणे हा त्यातला लहान भाग. फुगा आणि पीपी यांचे दाणे करून बादल्या, कुंड्या, पाइप बनतात. दुधाच्या पिशव्यांचे दाणे होतात आणि त्यांतून काळ्या पिशव्या किंवा शेतातल्या ठिबकच्या नळ्यांसारख्या वस्तू निघतात. प्रत्येक फेरीत मालाचा दर्जा एक पायरी उतरतो, त्यामुळे हा प्रवास अखंड फिरणारे चक्र नव्हे, खाली जाणारा जिना आहे, हे मला तेथे पटले. तरीही जिना असणे आणि नसणे यांत फार अंतर आहे. चमकत्या वेष्टनांना तो जिनाही नव्हता. शेडच्या कोपऱ्यात त्यांचे वेगळे डोंगर होते. पुरेसे साठले की गठ्ठे बांधून ते सिमेंटच्या भट्टीत इंधन म्हणून जाळायला पाठवतात, आणि तीही सोय सगळीकडे नाही.

नातीच्या प्रश्नाचे उत्तर त्या डोंगरात होते. दोन वेष्टने वरून सारखी चमकली तरी त्यांची घडण निरनिराळी असते. वेफरचे पाकीट पॉलिप्रॉपिलीनच्या पापुद्र्यांचे, त्यांतल्या एकावर ॲल्युमिनियमचा अतिशय पातळ थर. शाम्पूच्या पुडीत बाहेर छपाईसाठी पॉलिस्टर, मध्ये धातूचा थर, आत उष्णतेने चिकटण्यासाठी पॉलिथिलीन. प्रत्येक थराला काम आहे: एक रंग धरतो, एक हवा आणि उजेड अडवतो, एक शिवण सांधतो. त्यामुळे बिस्किटे महिनोन्महिने खुसखुशीत राहतात, हे नाकारता येणार नाही. पण हे थर एकमेकांपासून सोडवणे मूळ मालापेक्षा महाग पडते, म्हणून भंगारात त्याला भाव नाही, आणि भाव नाही म्हणून रस्त्यावर पडलेले ते पाकीट कोणी वाकून उचलत नाही. पाण्याची रिकामी बाटली पुण्याच्या रस्त्यावर तासभरही टिकत नाही. बिस्किटाचा कागद वर्षानुवर्षे टिकतो. मी कितीही मनापासून धुतले, वाळवले, चवडी लावल्या, तरी त्या २३१ वेष्टनांचे भवितव्य माझ्या सिंकपाशी बदलणार नव्हते. ते कारखान्यात, घडण ठरवतानाच ठरलेले होते. महिनाभराच्या खटाटोपातून मला कळलेली सर्वांत मोठी गोष्ट कोणती असे कोणी विचारले, तर मी हीच सांगेन.

जगाचे आकडे मी त्यानंतर पुन्हा वाचले आणि ते निराळे वाटले. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासानुसार १९५० ते २०१५ या काळात माणसाने सुमारे ८३० कोटी टन प्लॅस्टिक बनवले. त्यातून झालेल्या ६३० कोटी टन कचऱ्यापैकी पुनर्प्रक्रिया झाली ती सुमारे ९ टक्क्यांवर. १२ टक्के जाळले गेले आणि ७९ टक्के कचराभूमीत किंवा उघड्या निसर्गात गेले. पूर्वी हे वाचताना ९ टक्के म्हणजे लोकांचा आळस असे माझ्या मनात येई. शेड पाहिल्यावर वाटते की लोकांचा आळस आहेच, पण ज्याला परतीची वाटच दिलेली नाही असे प्लॅस्टिक त्यात किती असेल!

ही वाट मुळात नव्हती असेही नाही, आणि प्लॅस्टिक जन्मापासून खलनायक होते असेही नाही. १८६९ च्या सुमारास अमेरिकेत जॉन वेस्ली हायट यांनी सेल्युलॉइड हे आरंभीचे प्लॅस्टिक तयार केले, ते बिलियर्डच्या चेंडूंसाठी हस्तिदंताला पर्याय शोधताना. १९०७ मध्ये लिओ बेकलँड यांनी बॅकेलाइट हे पूर्णपणे कृत्रिम प्लॅस्टिक केले. पॉलिथिलीन तर १९३३ मध्ये इंग्लंडमधल्या प्रयोगशाळेत दुसराच प्रयोग चालू असताना भांड्याच्या तळाशी पांढरा, मेणचट थर म्हणून हाती लागले. रक्ताच्या पिशव्या, सलाइनच्या नळ्या, विजेच्या तारांची आवरणे यांनी माणसाचे जे भले केले ते मी विसरत नाही. माझ्या नवऱ्याच्या हृदयशस्त्रक्रियेनंतरचे आठ दिवस प्लॅस्टिकच्या नळ्यांच्या आधारानेच गेले. पण माझे बालपण मुंबईत गिरगावात गेले, आणि तेथे आरेचे दूध काचेच्या बाटलीत, वर वर्खाचे बूच लावून येत असे. सकाळी धुतलेली रिकामी बाटली केंद्रावर द्यायची, भरलेली घ्यायची. बाटली परत करणे हा पर्यावरणाचा विचार नव्हता, तो व्यवहाराचाच भाग होता. किराणा कागदाच्या पुडीत यायचा आणि पुडीचा दोरा गुंडाळून ठेवला जायचा. पुढे बाटल्या गेल्या, पिशव्या आल्या, आणि परत देण्याची क्रियाच आमच्या हातून गेली. २०१८ च्या अधिसूचनेत दुधाच्या पिशवीवर किमान ५० पैसे परताव्याची किंमत छापण्याची तरतूद होती. ती वाचून मला गिरगावची बाटली आठवली होती. आमच्या गल्लीत मात्र रिकामी पिशवी देऊन ५० पैसे परत घेतल्याचे मला आजवर आठवत नाही.

त्या एप्रिलपासून आम्ही घरात काही बदल केले. दुधाच्या पिशवीचा कोपरा पूर्ण कापायचा नाही, एका बाजूने चीर देऊन तो पिशवीलाच लटकत ठेवायचा, हा पहिला आणि सर्वांत सोपा बदल. सोसायटीच्या सभेत मी ते ३७ त्रिकोण काचेच्या बाटलीत घालून नेले होते, त्यामुळे भाषणाची फारशी गरज पडली नाही. तेल लाकडी घाण्यावरून स्टीलच्या कॅनमध्ये आणू लागलो. महाग पडते, म्हणून तळणे कमी झाले. डाळी, तांदूळ, पोहे ओळखीच्या किराणा दुकानातून सुटे, कापडी थैल्यांत. दुकानदार पहिल्या वेळी कुरकुरले, कारण वजन करताना थैलीचे वजन वजा करावे लागते. आता ते काट्यावर आधी रिकामी थैली ठेवतात. दही घरी लागते. हॉटेलातून मागवायचे असेल तर मुलगा स्वतः डबा घेऊन जातो, आणि जाण्याचा कंटाळा आला तर मागवतच नाही.

काही गोष्टी हलल्या नाहीत. यांच्या रक्तदाबाच्या आणि माझ्या थायरॉइडच्या गोळ्या पाकिटातच येणार. नातीच्या वयाच्या मुलीला वाढदिवसाला मिळणारी चॉकलेटे, प्रवासातली बिस्किटे, अचानक आलेल्या पाहुण्यांसाठी आणलेला चिवडा हे सगळे वेष्टनातच येते. एका बिस्किट कंपनीला मी वेष्टनावरच्या पत्त्यावर पत्र लिहिले की धुतलेली, वाळवलेली वेष्टने परत घेण्याची काही सोय आहे का. उत्तर सौजन्याचे होते. उत्पादकांच्या विस्तारित जबाबदारीच्या नियमांनुसार आम्ही विकल्या इतक्या प्लॅस्टिकच्या विल्हेवाटीची व्यवस्था करतो, असे त्यात लिहिले होते. माझ्या हातातली वेष्टने कोठे नेऊन द्यावीत हे त्यात नव्हते.

मार्च २०२४ मध्ये पुन्हा महिनाभर सगळे साठवले. या वेळी ३४१ वस्तू आणि १ किलो ४० ग्रॅम. वजन निम्म्याहून खाली आले याचा आनंद झाला, पण ढीग वेगळा करताना तो बराचसा ओसरला. दुधाच्या पिशव्या तेवढ्याच, ६२. औषधांची पाकिटे ५२. चमकती वेष्टने १९८. म्हणजे या तीन प्रकारांतच ३१२ वस्तू झाल्या, आणि वर्षभराच्या प्रयत्नाने जे कमी झाले ते बहुतेक तेच होते ज्याला भंगारात काही ना काही भाव मिळत होता. ताईंच्या दृष्टीने पाहिले तर मी त्यांचा माल कमी केला आणि कचरा तेवढाच ठेवला. हे मी त्यांना बोलूनही दाखवले. त्या म्हणाल्या, "काकू, कमी झालेलं बरंच. पण तो चमकणारा कागद बनवणाऱ्यांनाच सांगा ना कोणीतरी, की असा बनवा की आम्हाला विकता येईल." बावीस वर्षे कचरा वेचून त्यांनी सांगितलेली ही सूचना कोणत्याही तज्ज्ञ समितीच्या टिपणात शोभावी अशी आहे.

त्याच सुमारास दुसरा हौद रिकामा केला. त्रिकोण अकरा निघाले. ते जुने की नवे, हे त्यांच्याकडे पाहून सांगणे शक्य नव्हते. मला अधिक अस्वस्थ केले ते चाळणीतून खाली गेलेल्या खताने. त्या खतावर गच्चीत मेथी आणि पालक लावतो. तळहातावर घेऊन भिंगाखाली पाहिले तर त्यात केसाइतके बारीक रंगीत धागे दिसले. बहुधा पोत्याचे किंवा कपड्यांचे. भिंगालाही न दिसणारे किती असतील याची कल्पना करता येत नाही. २०२२ मध्ये नेदरलँड्समधील संशोधकांनी २२ निरोगी रक्तदात्यांचे रक्त तपासले, तेव्हा १७ जणांच्या रक्तात प्लॅस्टिकचे सूक्ष्म कण सापडले होते. त्या कणांचे शरीरात पुढे काय होते याचे संशोधन चालू आहे. मी तेवढ्यासाठी पालक लावणे थांबवलेले नाही, पण खताच्या हौदावर आता कोणीही गोणपाट म्हणून प्लॅस्टिकचे पोते झाकत नाही, तागाचेच झाकते.

दुधाच्या ६२ पिशव्यांचा प्रश्न मात्र मनातून जात नव्हता. मुळशीकडून आमच्या भागात दोन इमारतींना कॅनमधून दूध घालणारे एक गवळी आहेत. त्यांना विचारले, तर किमान वीस लिटरची गिऱ्हाइकी असेल तरच आमच्या गल्लीत फेरी परवडेल असे त्यांचे म्हणणे पडले. आम्ही चोवीसही घरांना विचारले. काहींना दुधाच्या दर्जाची शंका होती, काहींना सकाळी सहाला भांडे घेऊन खाली उतरणे जमणार नव्हते, आणि त्यांच्या अडचणी खऱ्या होत्या. नऊ घरे तयार झाली आणि त्यांचे मिळून तेरा लिटर भरले. मग शेजारच्या सोसायटीतल्या वहिनींच्या भिशीत विषय काढला आणि उरलेले सात लिटर तेथे मिळाले. दूध आठवड्यातून एकदा तपासून घ्यायचे, जे खाली येऊ शकत नाहीत त्यांच्या किटल्या माळीकाकांनी दारात पोहोचवायच्या आणि त्याचे त्यांना दरमहा वेगळे पैसे द्यायचे, असे ठरले आहे. किटल्यांवर घराचे क्रमांक घालून आणायला मी पुण्याच्या बोहरी आळीत गेले होते. पुढच्या महिन्याच्या एक तारखेपासून फेरी सुरू होईल.